समुद्राला दिलेला डाग

कुवेत, ४ मार्च १९७७

मोझाआत्या,

सलाम. तुम्ही मला ओळखत नाही. मी सनद, फैरोजचा धाकटा मुलगा. इथल्या टीव्हीसाठी माहितीपट बनवतो. आता मोत्यांच्या दिवसांवर एक करतोय. गलबतं, पाणबुडे, खलाशांची गाणी, आणि किनाऱ्यावर वाट पाहणाऱ्या बायका. जुनी माणसं एकेक करून जाताहेत, त्याआधी जेवढं टिपता येईल तेवढं टिपायचं.

गलबतं परतायला उशीर झाला की तुमच्या मुहर्रक बेटावरच्या बायका किनाऱ्यावर जाऊन समुद्राला जाब विचारायच्या, पेटत्या झावळीने पाण्याला डाग द्यायच्या, एवढं ऐकून होतो. तुमच्या मासळीबाजारात चौकशी केली तर एक बाई म्हणाली, "डाग द्यायचा तर मोझाच पाहिजे. बाकीच्या नुसत्या बोंबलतात." नाव ऐकलं आणि चमकलो. आमच्या घरी ते एकदाच निघालं होतं. आई बोलून गेली की वडिलांना मुहर्रकला एक दूधबहीण आहे, तिच्या आईच्याच अंगावर पिऊन ते वाढले. वडील ताट सोडून उठले. पुन्हा तो विषय निघाला नाही.

काय घडलं होतं ते मला ठाऊक नाही. पण तुम्ही माझ्या आत्याच लागता, म्हणून हक्काने विचारतो. कॅमेऱ्यासमोर एकदा बायकांच्या पुढे उभ्या राहाल का?

तुमचा,
सनद


मुहर्रक, १९ मार्च

सनद बाळा,

तुझं पत्र चुलीत घालणार होते. पण वर "आत्या" लिहिलं होतंस, आणि मला त्या नावाने हाक मारणारं जगात कुणी नाही. म्हणून वाचलं. चष्मा पुसून दोनदा वाचलं. अक्षर छान आहे तुझं. माझं असंतसंच आहे, पन्नाशीत गिरवायला बसले, शेजारच्या बाकावर नात.

तू ये. भात रांधीन, साफी मासा तळीन. तुझ्यावर माझा राग नाही. पण तुझ्या बापाचा निरोप आणू नकोस आणि माझा त्याला नेऊ नकोस. आमच्या घराचा एक जीव त्याच्या मुठीत होता, तो त्याने घालवला. कसा, ते त्यालाच विचार. मी सांगायला लागले तर तू म्हणशील म्हातारी विष ओकतेय, आणि मी खरंच ओकेन.

आता तुझ्या कामाचं. मी उभी राहीन. पुढची बाई विचारते, मागच्या सगळ्या तेच शब्द उचलतात, अशी रीत आहे. आणि एक मांजर लागतं. ते पाण्यात बुचकळायचं, म्हणजे त्याचा आकांत ऐकून समुद्राला पाझर फुटतो. हसू नकोस. मांजर तू आण, माझ्या गल्लीतली मला ओळखतात.

पण एक ऐकून ठेव. समुद्राशी माझं भांडण उरलेलं नाही. ज्याच्याशी आहे त्याचं नाव मी किनाऱ्यावर घेणार, चारचौघींच्या तोंडी देणार, आणि तुझा कॅमेरा ते जगाला ऐकवणार. ते नाव फैरोज आहे. चालत असेल तर कळव.

मोझा


कुवेत, ७ एप्रिल

मोझाआत्या,

तुमचं पत्र वाचून वडिलांना विचारलं. त्यांनी स्वतःचे तळवे उघडून बघितले. मग म्हणाले, "मी सांगितलं होतं तेव्हा. एकदा सांगितलेलं पुरे." आणि नमाजाला गेले. त्यापुढे मला काहीच कळलं नाही.

आत्या, माझ्या चित्रपटात माझ्याच बापाचं नाव असं कसं येऊ देऊ? तुम्ही घ्या हवं तर, पण नंतर कात्री माझ्याच हातात असते, हे आधीच सांगून ठेवतो. रागावू नका.

गेल्या आठवड्यात मी मुहर्रकला होतो. तुमच्या गल्लीच्या तोंडाशी आलो आणि परत फिरलो, धीर झाला नाही. तिथे नाखवा दुऐजची मुलाखत घेतली. तुम्ही ओळखत असालच. नजर गेलीय, पण आवाज अजून गलबतावरचा. मी कोणाचा कोण ते त्याने विचारलं नाही, कुवेतचा टीव्हीवाला एवढं त्याला पुरलं. काय बोलतो, आत्या. रीळ संपायचं, ह्याचं बोलणं संपायचं नाही.

एक गोष्ट सांगतो, तुम्हाला आवडेल. शिंपल्यांनी बोटं कापू नयेत म्हणून पाणबुड्यांना बोटांची कातडी टोपणं द्यावी लागायची ना. म्हणाला, "एक पोरगा होता माझ्याकडे, पाण्यात नुसता मासा. पण खर्चिक. सगळ्यांना दहा टोपणं, ह्याला अकरा." आणि खोकेपर्यंत हसला. सहा बोटांचा पाणबुडा. असा माणूस हयात असता तर मी त्याच्यावरच चित्रपट केला असता.

त्याच पोराची पुढची गोष्ट तर अंगावर येते. उत्तरेचा वारा अचानक सुटला, पोरगा खाली तळाशी. दोर धरणारा वरून ओढत होता, पण दोर कुठेतरी अडकला, आणि गलबत लाटेला आडवं होऊ लागलं. नाखवा ओरडला, सोड. दोर धरणारा ऐकेना. "मूर्ख होता," म्हणाला, "हाताची सालं निघाली तरी सोडेना. मग सुरी लावली मी. नाखव्याला सगळ्यांचे जीव सांभाळायचे असतात, एकाचा नाही." मी विचारलं, घरच्यांना काय सांगितलंत? तर म्हणाला, "माणसाला पचेल तेवढंच सांगावं. सांगितलं, त्याच्या हातून दोर निसटला. दोर धरणारा बोंबलत राहिला, पण नाखव्यापुढे त्याचं कोण ऐकतंय."

कसला कठीण माणूस. हीच माझ्या चित्रपटाची जान आहे. कळवा, आत्या.

सनद


मुहर्रक, १२ मे

सनद बाळा,

गुडघे धरले होते म्हणून उत्तराला उशीर झाला.

तू म्हणतोस तसं करू. तुझ्या बापाचा मी आता राग धरून बसणार नाही. म्हातारपणी माणसाने मऊ व्हावं. मी उभी राहते.

माझ्या चार गोष्टी ऐक. नाखवा दुऐजला किनाऱ्यावर मानाची खुर्ची दे, गालिचा घाल, अगदी पाण्याजवळ. त्याला दिसत नाही, ऐकू तरी नीट येऊ दे. त्याचं ते जुनं गलबत रंगवून ठेवलंय ना, तेही जवळ ओढून आण, चित्र शोभेल. त्याच्या सुना-नातींना माझ्या मागे उभं कर. चांगल्या घरच्या पोरी आहेत, आवाज खणखणीत आहेत. आणि मुलाखतीची ती रिळं जिवापाड जप. जुन्या माणसाचा आवाज आहे, पुन्हा मिळायचा नाही.

तुझ्या बापाला आणता आलं तर आण. त्याला सांग, आईच्या दुधाची आण घालून मोझा बोलावतेय.

आणि कॅमेरा चालू केलास की मी सांगेपर्यंत बंद करायचा नाही. ही रीत आहे.

आत्या


कुवेत, २५ मे

मोझाआत्या,

तुमचं पत्र वाचून डोळ्यांत पाणी आलं. मी घाबरत होतो आणि तुम्ही क्षमा करून मोकळ्या झालात. नाखवा खूश आहे. त्याचा मुलगा हिलाल म्हणाला, गलबत आमचं, किनारा आमचा, म्हातारा म्हणेल तशी खुर्ची.

वडील मात्र येत नाहीत. आण ऐकून त्यांनी मान खाली घातली आणि म्हणाले, "समुद्र दिसेल तिथे मी जात नाही. मोझाला ठाऊक आहे." तुमच्याबद्दल वाईट शब्द नाही काढला.

मांजराचं बघतो.

सनद


मुहर्रक, २१ जून

फैरोज,

एवढ्या वर्षांनी तुला लिहितेय. सनद अजून तिकडे पोचायचा आहे, त्याच्या तोंडून ऐकण्याआधी माझ्याकडून ऐक.

अकरा टोपणं, फैरोज. तुझ्या पोराने मला हसवायला म्हणून लिहिलं. त्याला काय ठाऊक की आपल्या खमीसचं ते अकरावं टोपण नाखव्याने नाही, आईने शिवलेलं, आणि बारशालाच मामीने "हा समुद्राचं एक बोट घेऊन आलाय" म्हटलेलं. मी ते पत्र हातात धरून उंबऱ्यावर बसले, भात करपून गेला. सुरी लावली, म्हणतो. हसत हसत.

मी त्या दिवसापासून मधासारखी गोड झाले. तुझ्या पोराला एक अक्षर सांगितलं नाही. तो बापाचा मुलगा आहे, ऐकलं असतं तर तिथेच नाखव्याच्या छातीवर बसला असता, आणि मग लोक म्हणाले असते, बघा, फैरोजचं रक्त. मला ते माझ्या रीतीने हवं होतं.

काल संध्याकाळी उन्हं कलल्यावर उभी राहिले. अर्धी मुहर्रक जमली होती. मांजर तुझ्या पोराने कुठून तरी गलेलठ्ठ आणलं, कुणा परदेशी बाईचं असावं, ते ओरडेचना. बुचकळलं तर पोहायला लागलं. बायका हसून हसून वाकल्या. शरीफा, हिलालची बायको, मला म्हणाली, "मोझाबाई, तुमच्या वेळी मांजरं तरी इमानी होती." नाखवा गालिच्यावर खुर्चीत, काठी मांडीवर, ऐकून खुशीत.

मी झावळी पेटवली, समुद्राकडे तोंड करून विचारलं, "आमच्या माणसांना कुठे ठेवलंस?" मागून सगळ्या: "कुठे ठेवलंस?" जुना सूर होता, पोरींच्या अंगावर काटा आला. दोन-चार वेळा विचारलं. मग मी वळले. समुद्र पाठीशी टाकला आणि खुर्चीकडे तोंड केलं.

"वारा सुटला तेव्हा खाली कोण होतं?"

"खाली कोण होतं?"

"खमीस होता खाली."

"खमीस होता खाली."

"दोर कुणाच्या मुठीत?"

"दोर कुणाच्या मुठीत?"

"फैरोजच्या मुठीत. फैरोजने सोडला का?"

"फैरोजने सोडला का?"

तुला ठाऊक आहे ना, त्या सुरात ओठ आधी हलतात, डोकं मागून येतं. मी विचारलं, "मग सुरी कुणाची?" आणि त्याच्या सुना, त्याच्या नाती, सगळ्या एका आवाजात म्हणाल्या, "मग सुरी कुणाची?" शरीफाचं तोंड तसंच उघडं राहिलं. तिला तेव्हा कळलं आपण कुणाला विचारलं.

हिलाल धावत आला, सनदला म्हणाला, "ते बंद कर." तुझ्या पोराचा चेहरा चुन्यासारखा झाला होता, फैरोज. त्याच क्षणी त्याला सगळं कळलं. पण डोळा भिंगावरून हलवला नाही.

नाखवा म्हणाला, "कोण? राशिदची पोर, मोझा का?"

"हो."

"तुझ्या भावाला समुद्राने नेलं, मुली."

"आईने समुद्राला डाग दिला, मरेपर्यंत दरसाल. मीही दिला. समुद्राने मुकाट्याने सोसलं. त्याने काहीच केलं नव्हतं," मी म्हटलं. "तू सांग, सुरी कुणाची?"

नाखवा काठी चाचपडत उठला. झावळी विझत आली होती. ती त्याच्या अंगाला लावायचा मोह झाला, तुझ्याशी खोटं कशाला बोलू. पण अंगावरचा डाग कफनात जातो, कुणी बघत नाही. म्हणून त्याच्या गलबताच्या तोंडाला लावली. नव्या रंगाने फडफडून पेट घेतला, लोकांनी वाळू टाकून विझवला. काळा पट्टा राहिलाय, हातभर. येईल-जाईल त्याला दिसेल.

तू गलबतावर राहिलेली खमीसची जादा टोपणं घेऊन आमच्या दारात आलास तेव्हा आईने दार लोटलं आणि कडी मी घातली. त्याबद्दल मी आज काही मागत नाही. आधी नाखवा पुरता हातात येऊ दे. मग तुझ्यापुढे उभी राहीन.

मोझा


कुवेत, २ ऑगस्ट

मोझाआत्या,

तुम्ही मला फसवलंत. महिनाभर ह्याच रागात होतो. मग कापायला बसलो.

हिलाल इथे येऊन आमच्या साहेबांना भेटला. साहेब मला म्हणाले, "म्हातारीचा तमाशा काप. नाखव्याची मुलाखत ठेव, ती उत्तम आहे." आत्या, ती मुलाखत पूर्ण कुणी ऐकलीच नव्हती. साहेबांनीही नाही, हिलालनेही नाही. म्हातारा बोलतोय म्हटल्यावर सगळे पहिल्या कपानंतर डुलक्या काढतात.

मी त्यांना दाखवायला एक रीळ केलं, त्यात तमाशा नाही. आणि एक दुसरं केलं. त्यात तुम्ही बायकांसह विचारता, आणि पडद्यावर समुद्र दिसत असताना उत्तर नाखव्याच्या आवाजात येतं. तुम्ही विचारता, फैरोजने सोडला का? तो म्हणतो, सालं निघाली तरी सोडेना. तुम्ही विचारता, सुरी कुणाची? तो म्हणतो, सुरी लावली मी. आणि ते हसणं. खोकेपर्यंत. ते मी एक क्षणही तोडलं नाही.

टीव्हीवर लागेल ते दुसरंच. नोकरी जाईल, जाऊ दे. आजवर मला वाटायचं वडील कुणाशी हात मिळवत नाहीत कारण ते घमेंडी आहेत. वाळवंटातल्या टाकीवर पहारेकरी म्हणून आयुष्य काढलं. काल त्यांच्या तळव्यावरची ती पांढरी चकाकती रेघ मी पहिल्यांदा नीट बघितली.

सनद


मुहर्रक, ९ सप्टेंबर

सनद बाळा,

दाखवलं. इथे सगळ्यांनी बघितलं.

हिलालने अंगणात टीव्ही आणून ठेवला होता, बकरा कापला होता, गल्ली बोलावली होती. मलाही निरोप होता, "येऊन बघ म्हणावं, कुठे आहेस तू त्यात." मी गेले. शेवटच्या रांगेत बसले. नाखवा पुढे, लोक येऊन त्याच्या कपाळाचं चुंबन घेत होते. मग तुझा समुद्र आला, माझा आवाज आला, आणि मग त्याचा. अंगणात कुणी हललं नाही. तो एकटाच मान डोलवत होता, स्वतःची गोष्ट ऐकून. त्याला वाटलं वाहवा होतेय.

बू-मरहून, त्याचा जुना खलाशी, त्याने कहव्याचा भरलेला पेला खाली वाळूत ठेवला. प्यायला नाही. मग शेजारच्याने ठेवला. मग सगळ्यांनी. भातावर हात न घालता माणसं उठून गेली. मी सगळ्यात शेवटी उठले, प्रत्येक पेला बघून घेतला. माझं जेवण झालं त्यात.

पण नाखवा अजून हटलेला नाही. म्हणतो, आवाज पोराने कापून जोडलाय, असं मी बोललोच नाही. पुढच्या आठवड्यात हिलाल त्याला घेऊन कुवेतला येतोय. तुझ्या साहेबाकडे नाही, थेट तुझ्या बापाकडे. फैरोजच्याच तोंडून चारचौघांत वदवून घेणार की दोर निसटला होता. म्हणतो, "फैरोज नेक माणूस आहे, म्हाताऱ्याचा शब्द मोडणार नाही."

मला तीच भीती आहे. तुझा बाप नेकच आहे. आम्ही त्याला दारातून हाकललं तेव्हाही त्याने आवाज चढवला नाही. त्याने हो म्हटलं तर खमीस पुन्हा बुडेल आणि ह्या वेळी खरंच त्याच्या हातून. त्याला वाचून दाखव हे.

आत्या


कुवेत, २० सप्टेंबर

मोझा,

सलाम. सनदकडून लिहून घेतलं असतं, पण हे मीच लिहावं असं वाटलं. अक्षर सांभाळून घे.

ते शुक्रवारी आले. गल्लीतले सगळे बैठकीत होते, मुहर्रकहून आलेले दोन-तीन जुने खलाशीही होते. हिलालने आधीच सगळ्यांना कळवून ठेवलं होतं. नाखव्याला दोघांनी धरून आत आणलं. वाळलाय फार. मला दया आली, हे तुला सांगायला हवं.

माझ्या शेजारी बसवलं त्याला. म्हणाला, "फैरोज, आपण दोघं आता थडग्याच्या काठाशी. पोरांनी घाण केलीय. सांग ह्यांना, उत्तरेचा वारा होता, दोर निसटला. कुणाचा दोष नव्हता." आणि हात पुढे केला.

सगळे बघत होते. सनद दारात होता. मी कुणाशी हात मिळवत नाही, त्याला तेव्हापासून ठाऊक असणार. तरी केला. त्याला वाटलं मी नाही घेणार, आणि मग म्हणता येईल, बघा, ह्याच्या मनात पाप आहे.

मी हात घेतला.

म्हणाला, "देव तुझं भलं करो. बोल."

मी हात धरून राहिलो. सवयीने मूठ आवळली गेली, मोझा, अगदी तशीच. अंगठा वरून, बोटं खालून.

थोड्या वेळाने म्हणाला, "बरं, सोड आता."

मी नाही सोडला.

"फैरोज, सोड. हाड मोडेल माझं."

हिलाल उठला. बू-मरहूनचा पुतण्या त्याच्या वाटेत पाय पसरून बसला होता, तो हलला नाही.

मी नाखव्याला म्हटलं, "तू तेव्हाही हेच ओरडत होतास. सोड, सोड. मी सोडला का?"

तो ओढायला लागला. अजून जोर आहे त्याच्यात. मी ओढलं नाही, फक्त धरून ठेवलं. म्हटलं, "इथे सुरी नाही. ह्यांना सांग, मी सोडला का?"

कपाळावर घाम आला त्याच्या. सगळी बैठक त्याचा श्वास ऐकत होती. मग म्हणाला. आधी पुटपुटला, मी म्हटलं, ऐकू नाही आलं. मग मोठ्याने म्हणाला, गलबतावर म्हणायचा तसा, रस्त्यावर जाईल एवढ्या आवाजात. "फैरोजने दोर सोडला नाही. मी कापला. पोरगा जिवंत होता, खालून हिसके देत होता, आणि मी कापला."

जिवंत होता, हे सनदच्या चित्रपटातही नव्हतं. ते मला आणि त्यालाच माहीत होतं. मी तेव्हा तुझ्या आईला सांगायला आलो होतो.

त्याने सांगितल्यावरही मी लगेच हात सोडला नाही. तो रडायला लागला, लहान पोर रडतं तसा, तरी नाही. बराच वेळ धरून बसलो.

फैरोज